तृतीयपंथी, आपल्याकडचे आणि जगातले: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

हे सगळे प्रश्न वाचकांचे आहेत. एकच प्रश्न दहा जणांनी दहा तऱ्हांनी विचारला असेल, तर त्यातला सर्वांत सरळ तेवढा ठेवला आहे. शिवीगाळ गाळली. भाबडेपणा मात्र मुद्दाम राहू दिला, कारण खरी अडचण बहुतेक वेळा तिथेच असते. सुरुवातीचे प्रश्न सोपे आहेत, पुढे गुंता वाढत जातो.

१. तृतीयपंथी म्हणजे नेमकं कोण?

जन्मल्यावर ज्याला ‘मुलगा’ किंवा ‘मुलगी’ म्हटलं गेलं, पण मोठं होताना ते लेबल ज्याच्या अंगी लागलं नाही, अशी व्यक्ती. हे झालं शब्दकोशाचं उत्तर. ते चूक नाही, पण त्यात निम्मीच गोष्ट येते. कारण जगात जिथे जिथे स्त्री-पुरुषांपलीकडची ओळख जुनी आहे, तिथे ती ‘मला आतून काय वाटतं’ एवढ्यावर थांबत नाही. तिला नाव असतं, काम असतं, नातीगोती असतात, बहुधा एखादा देव किंवा देवी असते. लग्नात कुठे उभं राहायचं, मयताला कुणी रडायचं, म्हाताऱ्या आईला कुणी सांभाळायचं, हे सगळं त्यात ठरलेलं असतं.

म्हणून हिजडा समाज आणि ‘ट्रान्सजेंडर’ हे दोन शब्द एकमेकांवर तंतोतंत बसत नाहीत. पुण्यातल्या कचेरीत नोकरी करणारी, कुठल्याही गुरूकडे न गेलेली ट्रान्स स्त्री ही हिजडा नव्हे. गुरू नाही तर हिजडा नाही, असा त्या समाजाचा साधा हिशोब आहे (प्रश्न ३ पाहा).

२. तृतीयपंथी, किन्नर, पारलिंगी, हिजडा... यातला कोणता शब्द वापरला तर कुणी दुखावणार नाही?

मराठीत ‘तृतीयपंथी’ सरकारी कागदांत आणि वर्तमानपत्रांत रुळला आहे, तो वापरायला हरकत नाही. काहींना त्यातला ‘तृतीय’ खुपतो. पहिला आणि दुसरा नंबर कुणी कुणाला दिला, असा त्यांचा प्रश्न असतो, आणि तो बिनतोड आहे. ‘पारलिंगी’ हा नवा शब्द चळवळीत आणि लेखनात दिसतो. ‘किन्नर’ हिंदीतून आला. पुराणातल्या गाणाऱ्या-नाचणाऱ्या देवयोनीचं ते नाव, म्हणून त्याला मान आहे. पण हिमाचलातल्या किन्नौरच्या लोकांना आपलं नाव असं वापरलेलं आवडत नाही.

‘हिजडा’ हा शब्द समाजाच्या आत अभिमानाने उच्चारला जातो. बाहेरच्याच्या तोंडी तो बहुतेकदा शिवीच होतो. ‘छक्का’ कुठेच नको. तमिळनाडूत ‘अरवाणी’ मागे पडून आता ‘तिरुनंगै’, म्हणजे आदरणीय स्त्री, हा शब्द आला आहे. समोर माणूस असेल तर तिलाच विचारावं, आणि तेवढं धैर्य होत नसेल तर ‘ताई’ म्हणावं.

३. गुरू, चेला, घराणं हे काय प्रकरण आहे?

घर सुटलेल्यांनी उभारलेलं दुसरं घर. नवीन आलेली व्यक्ती गुरूच्या नावाने ‘रीत’ करून चेला होते. गुरूची गुरू ती नानी, चेल्याचा चेला तो नातीचेला, बरोबरीच्या त्या गुरुबहिणी. वर नायक. मुंबईतल्या घराण्यांची नावं ऐकली तरी शहराचा जुना नकाशा दिसतो: लष्कर, भेंडीबाजार, बुलाकवाला, लालनवाला, पूनावाला. हद्दी वाटलेल्या असतात. दुसऱ्याच्या हद्दीत जाऊन मंगती केली तर पंचायत बसते आणि दंड होतो.

ही व्यवस्था म्हणजे निव्वळ माया असं समजू नये. चेल्याच्या कमाईचा वाटा गुरूकडे जातो, आणि गुरू बदलायची तर पैसे मोजावे लागतात. आपल्या एकत्र कुटुंबात जेवढं प्रेम आणि जेवढी दमदाटी असते, तेवढी तिथेही असते. आजारपणात पेज करून घालणारी आणि मेल्यावर रडणारी माणसं मात्र तीच असतात.

४. सगळ्यांचं ऑपरेशन झालेलं असतं का?

नाही. आणि हा प्रश्न पहिल्या भेटीत कुणालाही विचारू नये. आपल्याला कुणी विचारला तर कसं वाटेल?

हिजडा समाजात लिंगछेदाला ‘निर्वाण’ म्हणतात. गुजरातच्या मेहसाणा जिल्ह्यातल्या बेचराजीची बहुचरा माता, कोंबड्यावर बसलेली, ही त्याची देवी. पूर्वी हे काम समाजातलीच जाणती दाई करायची, आता अनेक जणी दवाखान्यात जातात. निर्वाण झालेल्यांना समाजात मान जास्त, पण न झालेल्याही हिजडाच असतात.

देवीसाठी पुरुषत्व अर्पण करणं ही फक्त आपल्याकडची गोष्ट नाही. इसवी सनपूर्व २०४ मध्ये रोमने आशिया मायनरमधून सिबेली देवीची काळी शिळा आणली, तिच्याबरोबर तिचे गल्ली नावाचे पुजारीही आले. ते स्वतःला खच्ची करत, रंगीत बायकी वस्त्रं नेसत, डफ-झांजा वाजवत भिक्षा मागत. रोमने देवी मानाने ठेवली, पण स्वतःच्या नागरिकांना तिचा पुजारी व्हायला बंदी घातली. देवी हवी, तिची माणसं नकोत. हे पुढेही दिसेल.

५. आमच्याकडे यल्लम्माचे जोगते साडी नेसतात. तेही हिजडेच ना?

कोल्हापूर, सांगली, सोलापूरकडून हा प्रश्न सतत येतो. उत्तर: नाही. ते जोगतेच.

जोगत्याच्या गळ्यात सौंदत्तीच्या यल्लम्माच्या नावाने माळ पडते. त्याच्या बायकी वागण्याचा अर्थ घरचे ‘देवी अंगात आली’, ‘देवीने धरलं’ असा लावतात. तो लुगडं नेसतो, डोक्यावर देवीचा जग (देवीची टोपली) घेतो, चौंडकं-तुणतुण्यावर गाणी म्हणतो, परडी घेऊन जोगवा मागतो. कर्नाटकात त्यांना जोगप्पा म्हणतात. जोगत्यांमध्ये निर्वाणाची प्रथा नाही, उलट देवीने दिलेल्या देहाला हात लावायचा नाही असं पुष्कळ जण मानतात. अनेक जोगते गावातच, कधी स्वतःच्या घरातच राहतात. हिजड्यांना घर सोडावं लागतं, जोगत्याला देवी घरातच ठेवून घेते. हा फरक लहान नाही.

एक साम्य मात्र चटका लावणारं आहे. रांडाव पुनवेला, म्हणजे मार्गशीर्षात, यल्लम्माचे भक्त बांगड्या फोडतात, कारण जमदग्नी मारला गेला आणि रेणुका, म्हणजेच यल्लम्मा, विधवा झाली. माघी पुनवेला चुडा परत भरला जातो. तिकडे तमिळनाडूत कूवागम गावी चित्तिरै महिन्यात तिरुनंगैंचं अरवानाशी लग्न लागतं. अरवान हा अर्जुन आणि उलूपीचा मुलगा. युद्धाआधी त्याचा बळी जायचा होता, त्याच्याशी लग्न करायला कुणी तयार होईना, तेव्हा कृष्णच मोहिनी झाला अशी कथा. दुसऱ्या दिवशी सगळ्या नवऱ्या ताली (मंगळसूत्र) तोडून, बांगड्या फोडून विधवा होतात. दोन्हीकडे सौभाग्य मिळतं, ते मोडण्यासाठीच.

जाता जाता: मुलीला देवाला सोडण्याला बंदी आहे, कर्नाटकात १९८२ च्या आणि महाराष्ट्रात २००५ च्या कायद्याने. त्या कायद्यांमागची काळजी मुख्यतः मुलींच्या शोषणाची होती आणि ती खरी होती. जोगत्याचं काय करायचं, याचा विचार त्यात फारसा झाला नाही.

६. मग बालगंधर्व? तमाशातला नाच्या?

ती कला आहे, ओळख नव्हे. बालगंधर्व रंगमंचावर स्त्री होते, घरी संसारी पुरुष. गणपत पाटलांनी पडद्यावर नाच्या इतका अस्सल उभा केला की लोक त्यांच्या संसारावरच शंका घेऊ लागले आणि त्याचा त्रास त्यांना जन्मभर झाला. बृहन्नडा होऊन विराटाच्या मुलीला नाच शिकवणारा अर्जुन आणि शिखंडी यांतही असाच फरक करता येईल: एकाने वर्षभराचं रूप घेतलं, दुसऱ्याचं आयुष्यच तसं होतं.

७. हे सगळे समलैंगिकच असतात ना? आणि ‘इंटरसेक्स’ म्हणजेही हेच का?

तीन वेगळे प्रश्न एकात गुंडाळले आहेत. कोण आवडतं हा एक. मी कोण आहे हा दुसरा. शरीर कसं घडलं हा तिसरा. तृतीयपंथी व्यक्तीला पुरुष आवडेल, स्त्री आवडेल, कुणीच आवडणार नाही.

इंटरसेक्स म्हणजे जन्मतःच शरीराची, गुणसूत्रांची किंवा संप्रेरकांची घडण नेहमीच्या दोन साच्यांत न बसणं. डोमिनिकन रिपब्लिकमधल्या सालिनास गावाचं उदाहरण प्रसिद्ध आहे. तिथे काही मुली म्हणून वाढवलेल्या मुलांना वयात येताना पुरुषी शरीर येतं. गावात त्यांना ‘गेवेदोसे’ म्हणतात, अर्थ साधारण ‘बाराव्या वर्षी पुरुष’. कारण एका विकराची जन्मजात कमतरता. १९७० च्या दशकात डॉक्टरांनी त्यांचा अभ्यास केला. या लोकांची प्रोस्टेट ग्रंथी लहान राहते आणि त्यांना टक्कल पडत नाही, असं दिसलं. त्यावरूनच पुढे फिनास्टेराइड हे औषध आलं. म्हणजे आज टक्कल लपवायला गोळी घेणारे कित्येक पुरुष सालिनासच्या त्या पोरांचे ऋणी आहेत.

बहुतेक हिजडे किंवा जोगते इंटरसेक्स नसतात. ‘देवानेच तसं घडवलं’ हे वाक्य मात्र दोघांच्याही तोंडी ऐकू येतं, आणि त्याचा अर्थ शरीरशास्त्रापुरता नसतो.

८. हे आपल्याकडेच का? पाश्चात्त्य देशांत तर हे फॅड हल्लीच सुरू झालं.

रोमचं वर सांगितलं. युरोपातच नेपल्सला ‘फेम्मिनिएल्ली’ शतकानुशतकं गल्लीबोळांत राहत आले आहेत. दर २ फेब्रुवारीला ते डोंगरावरच्या माँतेव्हेर्जिनेच्या मंदिरात, काळ्या मातेच्या दर्शनाला, डफ वाजवत जातात. प्रशांत महासागरात जवळजवळ प्रत्येक बेटसमूहाचा आपला शब्द आहे: समोआत फाआफाफिने, टोंगात लेइती, ताहिती आणि हवाईत माहू. होनोलुलूच्या वायकिकी किनाऱ्यावर चार मोठे दगड उभे आहेत. ताहितीहून आलेल्या, स्त्री आणि पुरुष दोन्ही अंगी असलेल्या चार वैद्यांनी आपली शक्ती त्यांत ठेवली, अशी तिथली कथा. १९४१ मध्ये त्या दगडांवर बोलिंग अ‍ॅली बांधली गेली आणि ते गाडले गेले. १९६३ मध्ये बाहेर काढले, तरी त्या वैद्यांचं ‘माहू’ असणं पाटीवर यायला पुढे बरीच दशकं गेली.

फॅड असेल तर फार चिवट फॅड आहे.

९. समोआच्या फाआफाफिने फुटबॉल खेळतात म्हणे. खरं का?

शब्दाचा अर्थ ‘बाईच्या रीतीने’. समोअन घरात फाआफाफिने घरकाम करतात, म्हाताऱ्यांची सेवा करतात, चर्चच्या गायनवृंदात असतात, शिक्षिका होतात. घर सुटत नाही, म्हणून आपल्यासारखं दुसरं घराणं उभारावं लागत नाही.

फुटबॉलची गोष्ट खरी. अमेरिकन समोआचा संघ २००१ मध्ये ऑस्ट्रेलियाकडून ३१-० असा हरला होता आणि जगभर चेष्टेचा विषय झाला होता. २२ नोव्हेंबर २०११ ला याच संघाने टोंगाला २-१ हरवलं. विश्वचषक पात्रता फेरीतला तो त्यांचा पहिला विजय. बचावफळीत जाय्या साएलुआ होती, फाआफाफिने. पुरुषांच्या विश्वचषक पात्रता सामन्यात उघडपणे अशी ओळख असलेली ती पहिली खेळाडू. बाहेरच्या वार्ताहरांनी तिला ‘हे कसं जमलं’ असं पुन्हा पुन्हा विचारलं. तिच्या संघातल्या मुलांना त्या प्रश्नात विशेष काही वाटत नव्हतं.

१०. मेक्सिकोत एक गाव आहे जिथे तिसऱ्या लिंगाचे लोक सुखाने राहतात, असं वाचलं. तो स्वर्गच म्हणायचा का?

गावाचं नाव हुचितान, ओआहाका राज्यात. लोक झापोतेक, आणि ‘मुशे’ हा त्यांचा शब्द, बहुधा स्पॅनिशमधल्या बाईच्या शब्दावरून घडलेला. मुशे भरतकाम करतात, सणाचे पोशाख शिवतात, बाजारात बसतात. इतर भावंडं लग्न करून गेली की म्हाताऱ्या आईजवळ मुशे राहते, म्हणून ‘घरात एक मुशे असावी’ असं बायका म्हणतात. दर नोव्हेंबरात त्यांचा मोठा जलसा होतो. १९७० च्या दशकात सुरू झालेल्या त्यांच्या मंडळाचं नाव मला फार आवडतं: ‘अस्सल, निडर, संकटाच्या शोधात निघालेल्या’.

स्वर्ग मात्र नव्हे. आया स्वीकारतात, बाप पुष्कळदा मारतात. आणि आईजवळ राहणारी मुशे प्रेमाने ठेवली जाते की बिनपगारी मोलकरीण म्हणून, याची सीमा आपल्याकडच्या ‘न लग्न झालेल्या आत्या’इतकीच पुसट आहे.

याच ओआहाकात २०१८ च्या निवडणुकीत एक अजब प्रकार झाला. स्त्री-पुरुष उमेदवार निम्मे-निम्मे हवेत असा नियम होता. तेव्हा १७ पुरुष उमेदवारांनी आपण ट्रान्स स्त्रिया असल्याचं लिहून देऊन बायकांच्या वाट्याच्या जागा घेतल्या. तक्रार कुणी केली? मुशेंनीच. न्यायाधिकरणाने त्यातल्या बहुतेक उमेदवाऱ्या रद्द केल्या. आपल्याकडे उलटं घडलं: जळगाव जिल्ह्यातल्या भादली बुद्रुकच्या तृतीयपंथी अंजली पाटील यांनी महिला राखीव जागेसाठी भरलेला ग्रामपंचायतीचा अर्ज फेटाळला गेला. जानेवारी २०२१ मध्ये औरंगाबाद खंडपीठाने तो स्वीकारायला लावला, आणि त्या निवडून आल्या. ‘खोटे लोक फायदा घेतील’ असं म्हणणाऱ्यांनी दोन्ही गोष्टी एकत्र वाचाव्यात.

११. इंडोनेशियात पाच लिंगं मानतात हे खरं का?

सगळ्या इंडोनेशियात नाही. दक्षिण सुलावेसीतल्या बुगी लोकांत. ओरोआने पुरुष, मक्कुनराई स्त्री. चालाबाई म्हणजे पुरुषदेहाने जन्मून बाईसारखं जगणारी, चालालाई त्याच्या उलट, आणि पाचवे बिस्सू. चालाबाईंचं ठरलेलं काम लग्नाचं: मांडव, स्वयंपाक, नवरीचा साज. बिस्सू हे पुजारी. त्यांच्यात स्त्री-पुरुष सगळं एकत्र आहे, म्हणून देवांशी त्यांनाच बोलता येतं. राजघराण्याची पवित्र शस्त्रं आणि ध्वज ते सांभाळत. अंगात आल्यावर ते कट्यार गळ्यावर, तळहातावर दाबतात. ती रुतली नाही तर देव आले असं समजायचं.

बुगी कट्टर मुसलमान आहेत, आणि तरीही हजला निघताना बिस्सूचा आशीर्वाद घेणारे असत. पण १९५० आणि ६० च्या दशकांत इस्लामी बंडखोरांनी बिस्सूंची शस्त्रं बुडवली, जाळली, त्यांना पुरुषी कपडे आणि शेतीकाम सक्तीचं केलं, काहींना मारलं. आता मोजकेच उरले आहेत. त्यांच्या तोंडी असलेल्या ‘ला गालिगो’ या महाकाव्याची हस्तलिखितं २०११ मध्ये युनेस्कोच्या जागतिक स्मृती यादीत गेली.

१२. सगळी उदाहरणं पुरुषाची बाई होण्याची. बाईचा पुरुष होत नाही का?

होतो. पण बाईला पुरुषाची जागा मिळते ती बऱ्याचदा घराण्याला पुरुष कमी पडला म्हणून, तिला हवी म्हणून नव्हे. निदान नोंदी तरी तशाच सापडतात.

उत्तर अल्बानियाच्या डोंगरांत ‘बुर्नेशा’ असत. तिथल्या रक्तवैरात घरचे पुरुष मारले गेले, किंवा मुलगाच झाला नाही, किंवा ठरलेलं लग्न मुलीला नको असलं, तर ती बारा वडीलधाऱ्यांसमोर आजन्म ब्रह्मचर्याची शपथ घ्यायची. मग केस कापायचे, विजार घालायची, बंदूक घ्यायची, पुरुषांत बसून तंबाखू ओढायची. वारसा तिला मिळे आणि घराच्या वतीने वैरही तीच निभावायची. आज अशा बुर्नेशा हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्या उरल्या आहेत.

केनियातल्या नांदी लोकांत मुलगा नसलेली वयस्क बाई गुरं देऊन दुसऱ्या बाईशी रीतसर लग्न करते, आणि त्या दिवसापासून ती नवरा. बायकोला होणारी मुलं तिच्या घराची वारस. त्या दोघींत शरीरसंबंध नसतो. अफगाणिस्तानात मुलगा नसलेल्या घरी एखाद्या मुलीला मुलाचे कपडे घालून ‘बच्चा पोश’ करतात, दुकानात पाठवतात, आणि वयात आली की बहुधा पुन्हा बुरख्यात. यांना तिसरं लिंग म्हणायचं का? माझ्या मते नाही. ही उसनी जागा आहे. बुर्नेशाच्या बाबतीत मात्र मी इतक्या ठामपणे बोलणार नाही. पन्नास वर्षं पुरुष म्हणून जगलेल्याला ‘तू मुळात बाईच’ असं सांगणारे आपण कोण?

१३. ‘टू-स्पिरिट’ हा शब्द छान वाटतो. आपण तो वापरू शकतो का?

नको. १९९० मध्ये कॅनडातल्या विनिपेगच्या संमेलनात उत्तर अमेरिकेतल्या आदिवासींमधल्या अशा माणसांनी तो स्वतःसाठी निवडला. त्याआधी गोऱ्यांनी दिलेला शब्द अपमानकारक होता. प्रत्येक जमातीचा मूळ शब्द वेगळा: लाकोटांचा विंक्टे, नावाहोंचा नाडले, झुनींचा ल्हामना. झुनी लोकांतली वेव्हा (१८४९–१८९६) विणकामात आणि कुंभारकामात निष्णात होती. ती १८८६ मध्ये वॉशिंग्टनला जाऊन राहिली, राष्ट्राध्यक्ष क्लीव्हलँडना भेटली, आणि तिथल्या प्रतिष्ठितांना ती आदिवासी राजकन्याच वाटली. आपल्याकडे जोगता, हिजडा, तिरुनंगै असे शब्द असताना दुसऱ्याच्या जखमेवरची पट्टी कशाला उचलायची?

१४. पूर्वी एवढा मान होता, मग आज सिग्नलवर टाळी वाजवायची वेळ का आली? इंग्रजांमुळे?

बरंचसं, पण सगळं नव्हे.

मराठी राज्यात दख्खनच्या काही गावांत हिजड्यांना वतनासारखे हक्क होते. गावकऱ्यांकडून ठराविक पैसा किंवा धान्य मागण्याचा हक्क, कुठे इनाम जमीन. सनदा होत्या. कंपनी सरकारला भिकेचा हक्क कागदावर मान्य करणं लाजिरवाणं वाटलं, आणि एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत मुंबई इलाख्यात ते हक्क मोडीत निघाले. मागणं थांबलं नाही. फक्त काल जो हक्क होता, ती आज भीक झाली.

उत्तर हिंदुस्थानात १८७१ चा गुन्हेगार जमाती कायदा त्याहून क्रूर. त्याच्या दुसऱ्या भागात हिजड्यांची नोंदवही ठेवायची तरतूद होती. बाईचे कपडे घालून चारचौघांत दिसल्यास विनावॉरंट अटक. मूल दत्तक घ्यायला, मृत्युपत्र करायला बंदी. म्हणजे गुरू-चेल्याचा वारसाच तोडला.

पण सगळं इंग्रजांवर ढकललं की आपण सुटतो. अर्धनारीनटेश्वराला दुधाचा अभिषेक करणाऱ्या घरात बायकी मुलाला पट्ट्याने मारलं जातं, ते कुठल्या गव्हर्नरच्या हुकमाने? देवळात मान आणि भाड्याच्या खोलीला नकार, हे दोन्ही एकाच गावात नांदू शकतं. नांदतंच.

१५. कायद्याने आता काय स्थिती आहे? भारतात आणि बाहेर?

नेपाळच्या सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २००७ मध्ये, पाकिस्तानच्या २००९ मध्ये तिसऱ्या ओळखीला मान्यता दिली. बांगलादेशने २०१३ मध्ये. भारतात सर्वोच्च न्यायालयाचा १५ एप्रिल २०१४ चा ‘नालसा’ (राष्ट्रीय विधी सेवा प्राधिकरणाच्या खटल्यातला) निकाल. न्या. राधाकृष्णन आणि न्या. सिक्री यांनी ओळख ठरवण्याचा अधिकार त्या व्यक्तीचा मानला. ठाण्याच्या लक्ष्मीनारायण त्रिपाठी त्या खटल्यात होत्या. २०१९ चा कायदा झाला तेव्हा त्यात जिल्हाधिकाऱ्यांकडून प्रमाणपत्र घेण्याची अट आली, आणि ‘मी कोण ते साहेब सांगणार का’ म्हणून त्यावर टीकाही झाली. तरतुदी आणि नियम बदलत राहतात, अर्ज करण्याआधी जिल्ह्याच्या समाजकल्याण कार्यालयात चौकशी करावी.

आकडा अनेक जण विचारतात: २०११ च्या जनगणनेत ‘इतर’ या रकान्यात देशात ४,८७,८०३ आणि महाराष्ट्रात ४०,८९१ जणांची नोंद झाली. घरात कुटुंबप्रमुख माहिती देणार आणि तो मुलाला ‘इतर’ लिहून देणार, यावर किती विसंबायचं ते ज्याचं त्याने ठरवावं.

थायलंडचा अपवाद लक्षात ठेवा. कथोई, म्हणजे तिथले तृतीयपंथी, दुकानात, टीव्हीवर, सौंदर्यस्पर्धांत सर्रास दिसतात. पण लष्करभरतीच्या सोडतीला त्यांना हजर राहावं लागतं, आणि २०११ च्या न्यायालयीन निकालापर्यंत त्यांच्या सूटपत्रावर ‘कायमचा मनोविकार’ असा शेरा मारला जाई. २३ जानेवारी २०२५ पासून तिथे समलिंगी विवाह कायदेशीर झाला, ओळखपत्रावरचं लिंग बदलण्याची सोय मात्र त्या कायद्याने दिली नाही. दिसणं वेगळं, कागद वेगळा.

१६. बाळ झाल्यावर बधाईला आले आणि पैसे दिले नाहीत तर शाप लागतो का?

लागत नाही. बाळ शांतपणे झोपू द्या.

बधाईमागची समजूत अशी, की ज्याने स्वतःची प्रजननशक्ती देवीला दिली, त्याच्या शब्दात दुसऱ्याला ती देण्याचं बळ येतं. नेपल्समध्येही नव्या बाळाला फेम्मिनिएल्लोच्या मांडीवर देणं शुभ मानतात. सोडतीच्या खेळात त्यांना बरोबर घेणंही शुभ समजतात.

रकमेवरून हुज्जत होते, कधी दमदाटीही, आणि दमदाटीला घाबरायचं कारण नाही. पण शापाची भीती हे त्या समाजाचं एकमेव हत्यार का उरलं, ते प्रश्न १४ मध्ये आहे. परवडेल ते द्यावं, नसेल तर हात जोडून नाही म्हणावं, पाणी विचारावं. पाणी फारसं कुणी विचारत नाही.

१७. बोलताना ‘तो’ म्हणू, ‘ती’ म्हणू, की ‘ते’?

मराठीत तीन लिंगं आहेत, त्यामुळे शाळेत शिकलेलं नपुंसकलिंग जिभेवर येतं. ‘ते आलं’ हे म्हणू नका. मूल, कुत्रं, मांजर यांच्या रांगेत माणसाला बसवणारा तो शब्द आहे, आणि ऐकणाऱ्याला तो बरोबर कळतो. आदरार्थी ‘त्या आल्या’ किंवा ‘ते आले’ वेगळं.

झापोतेक, समोअन, बुगी या भाषांत तो-ती असा भेदच नाही, एकच सर्वनाम सगळ्यांना चालतं. तिथल्या लोकांना हा प्रश्न पडतच नाही. आपली भाषा मात्र इतकी चोखंदळ की क्रियापदसुद्धा विचारतं, तू कोण. पण त्यातच सोयही आहे. समोरची व्यक्ती स्वतःबद्दल बोलताना ‘मी गेले’ म्हणते की ‘मी गेलो’, एवढंच कान देऊन ऐका. दुसऱ्या वाक्यापर्यंत उत्तर मिळतं. जोगत्यांपैकी काही जण आईशी ‘गेलो’ आणि देवीसमोर ‘गेले’ म्हणतात. तेव्हा आपणही तसंच म्हणावं.